आधी ऐका, मग निकाल द्या

इंदापूरहून अकलूजकडे जाणाऱ्या रस्त्यावर बावडा लागते. नीरेच्या खोऱ्यातले, उसाच्या पट्ट्यातले मोठे गाव. परंतु आंबेडकरी चळवळीत वाढलेल्या माणसाला हे नाव उसामुळे आठवत नाही. १९७२ च्या मे महिन्यात या गावातील दलित वस्तीवर बहिष्कार टाकला गेला आणि ती बातमी मुंबईच्या चाळीचाळीत पोहोचली. त्या वेळच्या एका राज्यमंत्र्याच्या भावाचे नाव या प्रकरणात घेतले गेले. त्याच महिन्यात परभणी जिल्ह्यातील ब्राह्मणगावात आपल्या माताभगिनींची विटंबना झाली. देशभरच्या अत्याचारांची नोंद करणारा इळयापेरुमाळ समितीचा अहवाल १९७० सालीच संसदेपुढे आलेला होता. मुंबईतले तरुण पेटून उठले आणि दलित पँथर उभी राहिली. पँथरचा इतिहास सांगणाऱ्याला बावड्याचे नाव घेतल्याशिवाय पुढे जाता येत नाही.

बहिष्कार म्हणजे काय, हे आपल्या घरातल्या जुन्या माणसांना सांगावे लागत नाही. वाणी माल देत नाही, गिरणीवाला दळण घेत नाही, बागायतदार कामावर बोलावत नाही, वाटेने जायची बंदी होते. पण थोडे थांबून पाहिले तर बहिष्कार हा एक निकाल असतो. शिक्षा असते. आणि ही शिक्षा देताना आरोप कोणता, तक्रार कोणाची, पुरावा काय, हे कोणी सांगत नाही. 'तुमचे यावर काय म्हणणे आहे?' एवढे एक वाक्य गावकीने वस्तीला विचारलेले नसते. महाराला चावडीवर बोलावणे येत असे ते सांगावा नेण्यासाठी, सरकारी थैली पोहोचवण्यासाठी, मयताची खबर परगावी देण्यासाठी. त्याचे म्हणणे ऐकून घेण्यासाठी त्याला कधी बोलावणे आले नाही.

सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा करायला महाराष्ट्राला २०१६ साल उजाडावे लागले. तो ३ जुलै २०१७ पासून लागू झाला. तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी त्यात तरतूद आहे. अनुसूचित जाती-जमातींवरील अत्याचारांच्या १९८९ च्या कायद्यातही २०१६ पासून सामाजिक व आर्थिक बहिष्कार हा वेगळा गुन्हा म्हणून घातला गेला. हे झाले गावकीचे.

परंतु आपल्या घरावर न ऐकता येणारा दुसराही एक निकाल असतो. तो चावडीवरून ओरडून येत नाही. तो शिक्का मारलेल्या कागदावर येतो. सातबाऱ्यावरून नाव कमी झाले. रेशन कार्ड बंद झाले. कामावरून काढले. मुलीचा जातीचा दाखला अवैध ठरला. वस्तीतली निवडून आलेली सरपंच अपात्र झाली. घर अतिक्रमणात धरले. हा कागद हातात पडला की आपली माणसे दोनच गोष्टी करतात. एक तर कपाळाला हात लावून बसतात, नाही तर पुढाऱ्याच्या घराकडे धावतात. तिसरी गोष्ट कायद्याने आपल्या हाती दिलेली आहे, तिची माहिती फार थोड्यांना असते. ती म्हणजे आपले म्हणणे मांडण्याचा हक्क. सरकारी अधिकारी असो, कारखान्याचा मालक असो की शाळेची संस्था असो. माणसाचे नुकसान होईल असा निर्णय घेण्याआधी त्याला कारण सांगितले पाहिजे आणि त्याचे ऐकले पाहिजे. कायद्याच्या भाषेत याला नैसर्गिक न्याय म्हणतात. त्याचे दुसरे अंग असे की, ज्याची तक्रार आहे त्यानेच न्यायाधीश होऊन बसू नये.

वकील मंडळी हे तत्त्व सांगताना इंग्लंडच्या न्यायाधीशांची नावे घेतात. ती घ्यावीतही. पण आपल्या बौद्ध कुटुंबांना यासाठी समुद्र ओलांडायची गरज नाही. विनयपिटकातील चुल्लवग्गात भिक्खूला ताकीद देण्याच्या कम्माविषयी सविस्तर नियम आहेत. ज्याच्यावर आरोप आहे त्याच्या गैरहजेरीत केलेले कम्म बेकायदेशीर. त्याला विचारल्याशिवाय केलेले बेकायदेशीर. त्याच्या कबुलीशिवाय केलेले बेकायदेशीर. त्याच्यावर रीतसर आरोप ठेवला पाहिजे, त्याला घटनेची आठवण करून दिली पाहिजे, नेमका कोणता दोष ते सांगितले पाहिजे. आजच्या 'कारणे दाखवा' नोटिशीत यापेक्षा वेगळे काय असते? २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीत बोलताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी भिक्खूसंघाच्या कामकाजपद्धतीचा दाखला दिला होता तो लोकशाहीच्या संदर्भात. शिक्षेच्या बाबतीतही संघ इतका काटेकोर होता, हे आपल्याकडे फारसे सांगितले जात नाही.

चावडीवर लावलेला कागद

आता बावड्यासारख्या गावातले रोजचे प्रकरण घेऊ. जमिनीचे. आपल्या लोकांच्या नावावर जी थोडीफार जमीन आहे, तिच्यातला मोठा भाग महार वतनाचा. हे वतन म्हणजे गुलामीचा करार आहे हे ओळखून बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात विधेयक आणले होते. पुढे १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ गाववतने नष्ट झाली, १ ऑगस्ट १९५९ पासून. जमीन सरकारजमा झाली आणि आकाराच्या तिप्पट रक्कम भरल्यावर ती वतनदाराला परत मिळाली. पण नव्या शर्तीने. म्हणजे जिल्हाधिकाऱ्याच्या पूर्वपरवानगीशिवाय विकता येणार नाही, अशी. आज सातबाऱ्यावर 'भोगवटादार वर्ग २' असे दिसते ते यामुळे.

या एका शर्तीभोवती किती कज्जे उभे राहतात! एखाद्याने अडीनडीला जमीन दुसऱ्याच्या ताब्यात दिली, कागद झाला की नाही कोणास ठाऊक. तीस वर्षांनी शर्तभंगाची नोटीस निघते. भाऊ गावात, बहिणी मुंबई-पुण्यात. वारसनोंद होते आणि बहिणींची नावे गळतात. कोणी जुना फेरफार दाखवून हक्क सांगतो. मग तहसील कचेरीत, नाही तर बारामतीला प्रांताकडे प्रकरण चालते. आणि नेमके येथेच आपली माणसे न बोलता हरतात.

जमीन महसूल संहितेचे, म्हणजे १९६६ च्या कायद्याचे, १५० वे कलम सांगते की फेरफार नोंद घेताना तलाठ्याने तिची प्रत चावडीवर लावावी आणि ज्यांचा त्या नोंदीत हितसंबंध आहे त्या सर्वांना लेखी कळवावे. (तलाठ्याला आता कागदोपत्री ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, गावात अजून कोणी म्हणत नाही.) कोणी हरकत घेतली तर ती वादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत चढवावी लागते आणि चौकशी करून निकाल द्यावा लागतो. कायद्यात 'सर्वांना' असे आहे. गावात राहणाऱ्या थोरल्या भावाला, असे नाही.

प्रत्यक्षात काय होते? मृत्यूनंतर वर्षभराने वारसनोंदीचा अर्ज जातो. बहिणीचा पत्ता म्हणून गावचाच पत्ता टाकलेला असतो. नोटीस भावाच्या हातात पडते. तोच सही करतो, किंवा वहिनीचा अंगठा. चावडीवर लावलेला कागद चेंबूरला किंवा येरवड्याला राहणारी बहीण कशी वाचणार? पंधरा दिवस जातात, मंडल अधिकारी नोंद प्रमाणित करतो, झाले. वारसा कायद्याच्या दृष्टीने बौद्धांना हिंदू उत्तराधिकार कायदाच लागू आहे आणि बापाच्या मिळकतीत मुलीचा हक्क आहे, हे बहिणीला ठाऊक असते. पण तिला विचारलेच गेले नाही. बावड्याच्या बहिष्काराविषयी आपण तावातावाने बोलतो. घरातल्या लेकीला न ऐकता तिचे नाव कमी करताना मात्र आपणच गावकी होतो. हे लिहिताना बरे वाटत नाही, पण लिहिले पाहिजे.

अशा बहिणीने काय करावे? रडत बसू नये आणि भावाशी लगेच फौजदारीही करू नये. तिने त्या फेरफाराची नक्कल काढावी आणि नोटीस कोणाला, कोणत्या पत्त्यावर, कोणत्या तारखेला बजावली याचा कागद त्याच अर्जात मागावा. सगळे प्रकरण त्या बजावणीच्या कागदात असते. आपली सही नाही, आपला पत्ता नाही, हे दिसले की प्रांताकडे अपील करता येते. जिल्हाधिकाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या निर्णयावर अपिलाची मुदत ६० दिवसांची आहे. मुदत टळली असेल तर 'मला नोटीसच मिळाली नाही, अमुक तारखेला मला कळले' असे सांगून विलंब माफीचा अर्ज अपिलासोबत द्यावा लागतो. नुसते अपील दिले आणि विलंबाचा अर्ज विसरला, तर साहेब पहिल्याच तारखेला प्रकरण काढून टाकतात.

दुसऱ्या बाजूनेही पाहा. आपल्याविरुद्ध नोटीस आली तर तारखेला जायचेच. 'आपल्याला काय कळते, वकील पाहील' म्हणून घरी बसू नये. महसुली कचेरीत प्रत्येक प्रकरणाचा रोजनामा असतो. त्या दिवशी कोण हजर होते, काय झाले, पुढची तारीख कोणती, हे त्यात लिहिले जाते. पुकारा झाला आणि आपण बाहेर चहा पीत होतो, तर रोजनाम्यात 'गैरहजर' पडते आणि मग एकतर्फी आदेश. हजर असल्याची सही रोजनाम्यावर करूनच बाहेर पडावे. मुदत हवी असेल तर तोंडी मागू नये. अर्ज लिहावा, कारण लिहावे, दोन प्रती कराव्यात. अधिकाऱ्याने मुदत नाकारली तरी अर्ज दप्तरात राहतो आणि पुढे अपिलात तोच आपली साक्ष देतो.

आणखी एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी. साहेबांच्या बदल्या होतात. एका प्रांताने आपले सगळे ऐकले, निकाल राखून ठेवला आणि बदली होऊन गेला. नव्या साहेबाने जुन्या कागदांवर सही करून निकाल दिला, असे घडते. सर्वोच्च न्यायालयाने १९५८ सालीच आंध्र प्रदेशातील बस वाहतुकीच्या राष्ट्रीयीकरणाच्या एका खटल्यात हे चूक ठरवले. तेथे हरकतींची सुनावणी सचिवाने घेतली होती आणि निकाल मुख्यमंत्र्यांनी दिला होता. एकाने ऐकायचे आणि दुसऱ्याने ठरवायचे, ही सुनावणी नव्हे, असे न्यायालयाने म्हटले. म्हणून नवा अधिकारी आला की 'मला पुन्हा ऐकून घ्यावे' असा अर्ज जरूर द्यावा.

फूटपाथवरच्यांचा खटला

ज्याच्याकडे सातबाराच नाही, त्याचे काय? १३ जुलै १९८१ रोजी त्या वेळचे मुख्यमंत्री अंतुले यांनी मुंबईच्या फूटपाथवर राहणाऱ्यांना हटवून त्यांच्या गावी परत पाठवण्याची घोषणा केली. ऐन पावसाळ्यात झोपड्या पाडल्या जाऊ लागल्या. ओल्गा टेलिस या पत्रकार आणि फूटपाथवर राहणारी काही माणसे सर्वोच्च न्यायालयात गेली. महापालिकेच्या कायद्यात ३१४ वे कलम होते: रस्त्यावरचे अतिक्रमण आयुक्त नोटीस न देता काढू शकतात. पालिकेचे म्हणणे, या लोकांना त्या जागेवर काडीचा हक्क नाही, मग नोटीस देऊन त्यांचे ऐकायचे काय?

जुलै १९८५ मध्ये पाच न्यायाधीशांच्या पीठाने निकाल दिला. सरन्यायाधीश होते यशवंतराव चंद्रचूड. न्यायालयाने सांगितले की त्या कलमाने आयुक्ताला नोटीस न देण्याची मोकळीक दिली आहे, नोटीस देऊ नकोस अशी आज्ञा केलेली नाही. सर्वसाधारणपणे ऐकून घ्यायलाच हवे. 'त्यांच्याकडे सांगण्यासारखे काही नाही' हे अधिकाऱ्याने आधीच ठरवून टाकणे हाच अन्याय आहे. माणसाचे ऐकणे हे फक्त योग्य निकाल लागावा म्हणून नसते. ज्याच्या आयुष्याचा निर्णय होतो आहे त्याला माणूस म्हणून वागवणे त्यात असते. फूटपाथवरच्या माणसाविषयी देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने हे म्हणावे, ही लहान गोष्ट नव्हे.

पण या निकालाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, कारण आपल्या सभांमधून ती सांगितली जात नाही. न्यायालयाने त्या लोकांना फूटपाथवर राहण्याचा हक्क दिला नाही. त्यांचे म्हणणे आम्हीच येथे ऐकले आहे, असे म्हणून ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत झोपड्या पाडू नयेत, एवढी मुदत दिली. तत्त्व जिंकले, फूटपाथ गेला. सुनावणीचा हक्क म्हणजे जिंकण्याचा हक्क नव्हे. तरीही त्या तत्त्वावर पुढे किती वस्त्या वाचल्या असतील! १३ नोव्हेंबर २०२४ रोजी बुलडोझरच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने घर पाडण्यापूर्वी किमान १५ दिवसांची नोटीस, प्रत्यक्ष सुनावणी आणि कारणांसह लेखी आदेश बंधनकारक केला. मात्र रस्ता, फूटपाथ, रेल्वेची हद्द, नदीपात्र अशा सार्वजनिक जागांवरच्या बांधकामांना हे संरक्षण नाही, हेही त्याच निकालात आहे. वस्ती कोठे बसली आहे, हे पाहूनच बोलावे.

रेशनच्या बाबतीत एक परदेशी खटला सांगावासा वाटतो. न्यूयॉर्क शहरात गरीब कुटुंबांना सरकारी मदत मिळत असे. ती आधी बंद करायची आणि नंतर तक्रार ऐकायची, अशी तेथील रीत होती. काही कुटुंबांनी खटला भरला आणि १९७० साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मदत बंद करण्याआधी सुनावणी झाली पाहिजे. ज्याच्या घरी आज चूल पेटायची आहे त्याला 'आधी उपाशी राहा, मग तुझे ऐकू' असे म्हणता येणार नाही, हा त्यातला भाव. आपल्याकडे मशीनवर अंगठा उमटला नाही किंवा यादीत नाव दिसले नाही म्हणून धान्य थांबते, तेव्हा तहसील कचेरीतल्या पुरवठा शाखेत हाच प्रश्न लेखी विचारावा: माझे नाव कोणत्या आदेशाने कमी झाले आणि त्याआधी मला नोटीस कधी दिली?

नोकरी

वालचंदनगर, भवानीनगर, बारामतीची एमआयडीसी, एसटी, जिल्हा परिषद. आपल्या भागातल्या कुटुंबांचा संसार अशा ठिकाणच्या पगारावर चालतो. एके काळी मालकाने 'उद्यापासून येऊ नको' म्हटले की संपले. बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरमंत्री असताना, एप्रिल १९४६ मध्ये, औद्योगिक नोकरीच्या स्थायी आदेशांचा कायदा झाला. कामगाराचे गैरवर्तन कशाला म्हणायचे, शिक्षा कोणती आणि चौकशी कशी, हे मालकाला लिहून प्रमाणित करून घ्यावे लागू लागले. तो कायदा आता २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेत विलीन झाला असून ती संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली. तीत स्थायी आदेशांचे प्रकरण ३०० किंवा अधिक कामगार असलेल्या आस्थापनांना आहे. लहान कारखान्यातल्या कामगाराला ही ढाल राहिली नाही, हे स्पष्ट सांगितलेले बरे.

सरकारी नोकरांना तर घटनेच्या ३११ व्या कलमानेच संरक्षण दिले. आरोप कळवल्याशिवाय आणि बाजू मांडण्याची वाजवी संधी दिल्याशिवाय बडतर्फ करता येत नाही. त्याला काही अपवाद आहेत, पण ते अपवादच.

एक खटला प्रत्येक कामगाराने ध्यानात ठेवावा, १९९३ चा. स्थायी आदेशात लिहिले होते की आठ दिवसांपेक्षा जास्त गैरहजर राहिल्यास नोकरी आपोआप संपेल. कामगाराचे म्हणणे होते, मी कामावर येत होतो, मला गेटवरच अडवले. मालकाने चौकशी न करता नाव कमी केले. सर्वोच्च न्यायालयाने त्याला निम्म्या मागील पगारासह कामावर परत घ्यायला लावले. 'आपोआप' या शब्दाआड लपून कोणाची भाकर काढून घेता येत नाही, असा त्याचा अर्थ. गावाकडे मयत झाले, आई आजारी पडली, म्हणून पंधरा दिवस राहिलेल्या किती माणसांनी या शब्दापुढे मान तुकवली असेल!

चौकशी लागली तर आरोपपत्राचे उत्तर मुदतीत द्यावे, पण कागदपत्रे पाहिल्याशिवाय घाईने देऊ नये. आधी ज्या कागदांवर आरोप उभा आहे त्यांच्या प्रती मागाव्यात. साक्षीदाराला प्रश्न विचारण्याचा हक्क आपला आहे. आपल्यातर्फे बोलणारा सहकारी नेमता येतो. रोजच्या कामकाजावर सही करताना वाचून करावी. जे बोललो नाही ते लिहिले असेल तर सहीच्या वर तसे लिहावे. निलंबनात निर्वाह भत्ता मागावा. मध्य प्रदेशातील एका वनकर्मचाऱ्याला भत्ता मिळाला नाही, शेकडो किलोमीटर दूरच्या चौकशीला जायला पैसे नव्हते, आणि एकतर्फी चौकशीत त्याला बडतर्फ केले गेले. १९७३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती बडतर्फी रद्द केली. आणि चौकशी अधिकाऱ्याचा अहवाल शिक्षेआधी आपल्या हाती पडलाच पाहिजे, हे १९९३ च्या करुणाकर खटल्यात घटनापीठाने पक्के केले.

दाखला आणि सरपंचपद

जातपडताळणीची गोष्ट थोडक्यात. १९९४ साली माधुरी पाटील खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पडताळणी समित्यांची पद्धत घालून दिली. त्या कुटुंबाचा महादेव कोळी असल्याचा दावा फेटाळला गेला, पण पद्धत सर्वांना मिळाली: दक्षता पथकाचा अहवाल विरुद्ध असेल तर त्याची प्रत द्यायची, नोटीस द्यायची, ऐकायचे. आपल्याकडे आजोबांच्या दाखल्यावर महार, वडिलांच्या दाखल्यावर बौद्ध किंवा नवबौद्ध आणि मुलाच्या दाखल्यावर हिंदू-महार अशी खिचडी असते. १९५६ च्या धर्मांतराचा हा कागदी परिणाम. बौद्धांना अनुसूचित जातीच्या केंद्रीय सवलती १९९० च्या दुरुस्तीने मिळाल्या, तरी पुरावा मागितला जातो तो १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा. जात सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदाराची आहे. समितीच्या निकालावर वर फक्त उच्च न्यायालय. म्हणून समितीपुढची सुनावणी हीच खरी लढाई. आजोबांच्या शाळेच्या रजिस्टरचा उतारा दक्षता पथक शोधील, या भरवशावर राहू नये. आपणच शाळेत जाऊन काढावा.

सरपंचपदाविषयी. राखीव जागेवर आपली बाई निवडून आली की तक्रारी सुरू होतात. ग्रामपंचायत कायद्याच्या ३९ व्या कलमाखाली विभागीय आयुक्त पदावरून काढू शकतात, पण मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याची चौकशी आणि नोटीस-सुनावणी झाल्यावरच. उरणच्या नगराध्यक्षांच्या प्रकरणात २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने बजावले की लोकांनी निवडलेल्या माणसाला कारणे न देता, नैसर्गिक न्याय डावलून काढता येत नाही. २०२४ साली जळगाव जिल्ह्यातील विचखेड्याच्या महिला सरपंचाची अपात्रताही त्याच न्यायालयाने रद्द केली. सरकारी जागेवरच्या सासूच्या घरात राहते, असा आरोप होता. बाई सरपंच झाली हे गावाच्या पचनी पडले नाही आणि अधिकाऱ्यांनीही विचार न करता सह्या केल्या, असे न्यायालयाला दिसले. मात्र सुनावणीला बाईनेच बोलावे. नवऱ्याने पुढे होऊन बोललेले साहेब ऐकतातही, पण रोजनाम्यात तिचे म्हणणे येत नाही.

आता या हक्काच्या मर्यादा. सुनावणी दिली नाही म्हणून आदेश रद्द झाला, तरी बहुधा प्रकरण पुन्हा त्याच कचेरीत 'फेरचौकशीसाठी' येते. दोन वर्षे गेलेली असतात. शिवाय अलीकडे, विशेषतः २०२० च्या एका निकालापासून, न्यायालये विचारतात: तुम्हाला ऐकले नाही, त्याने तुमचे नुकसान काय झाले? ऐकले असते तर तुम्ही काय सांगितले असते? तेव्हा 'मला संधी दिली नाही' एवढ्यावर थांबू नये. 'मला संधी मिळाली असती तर मी हा कागद दाखवला असता' असे लिहून तो कागद जोडावा.

वकिलाचा खर्च परवडत नाही, ही अडचण खरी आहे. पण विधी सेवा प्राधिकरणाच्या १९८७ च्या कायद्याने अनुसूचित जातीच्या माणसाला, कोणत्याही स्त्रीला आणि औद्योगिक कामगाराला मोफत वकील मिळतो. त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. तालुक्याच्या न्यायालयातच विधी सेवा समितीचे काम चालते. तेथे जाताना नोटीस, ती ज्या पाकिटातून आली ते पाकीट आणि आपण दिलेल्या अर्जाची प्रत न्यावी. पाकीट फेकू नका, त्यावर टपालाचा शिक्का असतो. अर्ज नेहमी दोन प्रतींत द्यावा आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि सही घ्यावी. त्या दिवशी साहेब दौऱ्यावर असले तरी अडत नाही, आवक-जावकचा कारकून टेबलावर असतोच.